एम्ब्रेस : नऊ कार्यक्रम, चौदा गाणी

वॉशिंग्टन डी.सी.च्या ड्यूपाँ सर्कल भागात 'फूड फॉर थॉट' नावाचं एक शाकाहारी उपाहारगृह होतं. 28 जुलै 1985 रोजी तिथे 'एम्ब्रेस' या चौघांच्या पंक बँडचा पहिला कार्यक्रम झाला. शेवटचा झाला मार्च 1986 मध्ये, त्याच शहरातल्या 'नाइन-थर्टी क्लब'मध्ये. तो नववा. आठ महिन्यांत नऊ कार्यक्रम. गणेशोत्सवात आपल्याकडचा एखादा बरा ऑर्केस्ट्रा दहा दिवसांत याहून जास्त वेळा वाजवत असेल. बँड मोडला आणि मग 1987 मध्ये त्यांची एकुलती एक ध्वनिमुद्रिका निघाली. तिला वेगळं नावही दिलं नाही, बँडचंच नाव. आत चौदा गाणी. संपला ऐवज.

एवढ्याशा ऐवजाला एवढी लांबलचक प्रस्तावना कशाला, असं कुणी विचारलं तर उत्तर आधीच देऊन ठेवतो. ही गाणी प्रस्तावनेशिवाय ऐकली तर निम्मी हातातून निसटतात. त्यातला गायक कुणावर चिडलाय तेच कळत नाही. आधी तो काय गात होता, ते ऐकून हजारो पोरांनी काय केलं आणि ते पाहून त्याला काय वाटलं, हे माहीत असेल तर मात्र या चौदा गाण्यांतला राग नेमका कुणाकडे रोखलेला आहे ते दिसू लागतं. तो बहुतांशी स्वतःकडेच रोखलेला आहे. पंकमध्ये ही गोष्ट तेव्हा नवीन होती. माझ्या मते या बँडचं खरं मोल तेवढंच आहे, आणि तेवढं पुरेसं आहे.

गायकाचं नाव इयन मकाय. जन्म 16 एप्रिल 1962, वॉशिंग्टनमध्येच. वडील 'वॉशिंग्टन पोस्ट'मध्ये पत्रकार, धर्मविषयक घडामोडी हा त्यांचा प्रांत. कुटुंबाचं चर्चही उदारमतवादी, सामाजिक कामात पुढे असणारं. पंक म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर लंडन येतं : फाटके कपडे, गालात सेफ्टी पिन, बेकारीत वाढलेली पोरं आणि सेक्स पिस्टल्स. वॉशिंग्टनचं पंक त्या साच्यातलं नाही. हे सरकारी शहर. इथली बरीच पंक पोरं अधिकाऱ्यांची, पत्रकारांची, लष्करातल्या बड्या हुद्देदारांची. एम्ब्रेसमध्ये पुढे ड्रम वाजवणारा आयव्हर हॅन्सन हा नौदलातल्या अॅडमिरलचा मुलगा. अमेरिकेचे उपराष्ट्राध्यक्ष ज्या नौदल वेधशाळेच्या आवारात राहतात तिथेच या कुटुंबाचं घर. हॅन्सन त्याआधी 'स्टेट ऑफ अलर्ट' नावाच्या बँडमध्ये होता. त्या बँडच्या तालमी या घरी होत, आणि तालमीला जायचं तर आधी सीक्रेट सर्व्हिसच्या पहारेकऱ्यांनी आत सोडावं लागे. बोडक्या डोक्याची पोरं गिटार खांद्याला लावून फाटकाशी उभी आहेत आणि देशाच्या उपराष्ट्राध्यक्षाचे अंगरक्षक त्यांना आत सोडताहेत! व्यवस्थेविरुद्ध ओरडायला जाण्यासाठी व्यवस्थेचीच परवानगी. त्या बँडचा गायक हेन्री गारफिल्ड, म्हणजे पुढे 'ब्लॅक फ्लॅग' या बँडमुळे जगभर गाजलेला हेन्री रोलिन्स. तो मकायचा शाळकरी वयापासूनचा मित्र, आणि जॉर्जटाउनमधल्या आइस्क्रीमच्या दुकानात दोघांनी एकत्र नोकरीही केलेली.

या पोरांचे गुरू मात्र सरकारी घरांतले नव्हते. 'बॅड ब्रेन्स' हा वॉशिंग्टनचा कृष्णवर्णीय तरुणांचा बँड. त्यांच्याइतकं वेगात आणि त्यांच्याइतकं बिनचूक तेव्हा क्वचितच कुणी वाजवत असे. वेग म्हणजे गोंधळ नव्हे, हे मकाय आणि मंडळी त्यांच्याकडून शिकली.

मकायचा आधीचा बँड 'टीन आयडल्स'. त्यात तो बास गिटार वाजवायचा. 1980 च्या उन्हाळ्यात ही मंडळी कॅलिफोर्नियाला जाऊन आली. सॅन फ्रान्सिस्कोच्या 'मबूहाय गार्डन्स' क्लबमध्ये त्यांना दारू मिळू नये म्हणून त्यांच्या हाताच्या पाठीवर काळ्या मार्करने मोठी फुली मारण्यात आली. ही युक्ती त्यांनी वॉशिंग्टनला आणली आणि क्लबवाल्यांना सांगितलं : आम्हाला गाणं ऐकायला आत घ्या, फुली पाहिली की दारू देऊ नका. कायद्याची अडचण सोडवायची एक साधी सोय, एवढाच तिचा अर्थ होता. पुढे त्या फुलीचं काय झालं ते येईलच.

टीन आयडल्स वर्षभरात मोडला. कार्यक्रमांतून साठलेले साधारण 600 डॉलर शिल्लक होते. ते वाटून घेण्याऐवजी त्यांनी त्यातून आपल्या मोडलेल्या बँडची तबकडी काढली. डिसेंबर 1980 मध्ये निघालेली ही छोटी तबकडी म्हणजे 'डिस्कॉर्ड' या कंपनीचं पहिलं प्रकाशन. वेष्टनं छापखान्यातून तयार करून घेण्याइतके पैसे नव्हते, म्हणून एका विलायती तबकडीचं वेष्टन उकलून सपाट केलं, त्याचा आकार गिरवून घेतला आणि छापलेले कागद कात्रीने कापून, घड्या घालून, डिंकाने चिकटवले. घरात जमेल तो मित्र कामाला बसायचा. मकाय आणि ड्रमवादक जेफ नेल्सन यांनी चालवलेली ही कंपनी अजून आहे. तिने आपल्या बँडांशी लेखी करार कधी केले नाहीत आणि वॉशिंग्टनबाहेरचे बँड जवळपास घेतलेच नाहीत.

मग आला 'मायनर थ्रेट'. या बँडमध्ये मकाय माइकसमोर उभा राहिला आणि अमेरिकी पंकचा नकाशा बदलला. 1981 मधल्या पहिल्या तबकडीवर आठ गाणी, आणि सगळी मिळून दहा मिनिटंही भरत नाहीत. त्यातलं 'स्ट्रेट एज' जेमतेम पाऊण मिनिटाचं. गाण्याचा आशय सरळ : मला दारू नको, गर्द नको, डोकं ताळ्यावर ठेवून जगायला मी मोकळा आहे. रॉकच्या दुनियेत हे म्हणणं म्हणजे बंडखोरांविरुद्धच बंड. नशा हीच बंडखोरी समजणाऱ्यांच्या जत्रेत एक एकोणीस वर्षांचा मुलगा उभा राहून म्हणतो की तुमची नशा हाच तुमच्या गळ्यातला पट्टा आहे. गाणं बंदुकीच्या गोळीसारखं गेलं. फक्त ते कुठे जाऊन लागलं यावर गाणाऱ्याचा ताबा राहिला नाही.

बॉस्टन, न्यूयॉर्क आणि इतरत्रच्या पोरांनी 'स्ट्रेट एज'चा पंथ केला. हाताच्या पाठीवरची ती सोयीची फुली आता गंडा बांधल्यासारखी अभिमानाने मिरवली जाऊ लागली. काही ठिकाणी तर कार्यक्रमात कुणाच्या हातात बिअर दिसली की ती फटकारून पाडण्यापर्यंत मजल गेली. 'आउट ऑफ स्टेप' या गाण्यात मकायने तीन गोष्टी न करण्याचा उच्चार केला होता. लोकांनी ते तीन आदेश म्हणून घेतले. बँडमध्येच यावरून वाद झाला. ड्रम वाजवणाऱ्या नेल्सनचं म्हणणं की 'मी' हा शब्द स्पष्ट ऐकू यायला हवा, नाहीतर हा उपदेश वाटतो. 1983 मध्ये ते गाणं पुन्हा ध्वनिमुद्रित करताना मकायने मध्येच गाणं बाजूला ठेवून बोलून टाकलं की ही नियमावली नाही, मी माझ्यापुरतं सांगतोय. जगात आपल्या गाण्याला त्याच गाण्यात खुलासा जोडावा लागलेले गायक फार नसतील. खुलाशाचा उपयोग झाला का? फारसा नाही. पंथांचं असंच असतं, त्यांना प्रवर्तकाचं ऐकण्याची गरज उरत नाही.

याहून वाईट गत झाली 'गिल्टी ऑफ बीइंग व्हाइट'ची. कृष्णवर्णीय विद्यार्थी बहुसंख्य असलेल्या शाळेत इतिहासाच्या पापांबद्दल मार खाणाऱ्या गोऱ्या पोराची ती तक्रार. लिहिणाऱ्याच्या मते वंशद्वेषाविरुद्धची. पण शहराबाहेर तो संदर्भ कुणाला ठाऊक? वंशद्वेष्ट्यांना ते आपलंच गाणं वाटलं. एकोणीस वर्षांच्या वयात सव्वा मिनिटाच्या गाण्यात अमेरिकेचा वर्णप्रश्न मांडायला गेलं की असं होणारच, असं मी म्हणेन. मकायचा हेतू स्वच्छ होता याबद्दल शंका नाही. गाणं मात्र कच्चं होतं.

1983 च्या शरद ऋतूत मायनर थ्रेट मोडला. बाकीच्यांना संगीत जरा मोठ्या रॉककडे न्यायचं होतं, मकायला त्यात रस नव्हता. त्यांच्या शेवटच्या कार्यक्रमात वॉशिंग्टनच्या 'गो-गो' संगीतातला 'ट्रबल फंक' हा बँडही वाजला. गोऱ्या पोरांचं पंक आणि शहरातल्या कृष्णवर्णीयांचं नाचाचं संगीत एका मंचावर आणायची ती खटपट होती.

पुढची दीड-दोन वर्षं रिकामी गेली. म्हणजे मकायच्या मित्रमंडळींसाठी रिकामी; कार्यक्रम होतच होते, पण त्यांना जावंसं वाटेना. प्रेक्षकांत मारामाऱ्या वाढल्या होत्या, स्किनहेड टोळ्या येऊ लागल्या होत्या. एकमेकांवर आदळत नाचण्याचा 'स्लॅम डान्स' या पोरांनीच एकेकाळी वॉशिंग्टनमध्ये रुजवला होता. आता त्याच नाचाच्या आडून कमजोर पोरांना बुकलून काढलं जात होतं, आणि मुली तर मंचाच्या आसपास फिरकेनाशा झाल्या होत्या. आपण उभारलेल्या घरात आपणच परके झाल्याची ही अवस्था. अशा वेळी दोन वाटा असतात : नव्या पोरांना शिव्या घालत म्हातारं व्हायचं, नाहीतर नवं घर बांधायचं. मकाय तेव्हा बावीस-तेवीस वर्षांचा होता. म्हातारं व्हायला जरा लवकरच.

मित्रमंडळींनी ठरवलं की 1984 च्या ऑक्टोबरपर्यंत प्रत्येकाने नवा बँड काढायचा. या बेताला नावही दिलं, 'गुड फूड ऑक्टोबर'. ऑक्टोबर आला आणि गेला. बेत बेतच राहिला. मग पुढच्या वर्षी याच मंडळींतल्या एमी पिकरिंगने वेगळीच शक्कल लढवली. ती एका स्थानिक नियोजन समितीच्या कचेरीत काम करायची. खंडणीच्या पत्रात असतात तशी अक्षरं कापून चिकटवलेल्या निनावी चिठ्ठ्या तिने झेरॉक्स करून मित्रांना पोस्टाने पाठवायला सुरुवात केली. मजकूर एवढाच की सावध राहा, 'रेव्होल्यूशन समर' येतोय. कुणी पाठवल्या ते कुणाला कळेना, आणि प्रत्येकाला वाटू लागलं की बाकीच्यांचं काहीतरी जोरात चाललंय, आपणच मागे पडलोय. 1985 चा तो उन्हाळा याच नावाने इतिहासात गेला. जगातल्या क्रांत्यांमध्ये कचेरीच्या झेरॉक्स यंत्रावर सुरू झालेली ही बहुधा सगळ्यात स्वस्त असावी!

पण चेष्टा बाजूला. त्या उन्हाळ्यात खरोखरच काही घडलं. 21 जून 1985 रोजी मॅसॅच्युसेट्स अव्हेन्यूवरच्या दक्षिण आफ्रिकेच्या वकिलातीसमोर या पोरांनी ड्रम आणि हाताला लागेल ते बडवत वर्णभेदाविरुद्ध निदर्शनं केली. गाणं नाही, भाषण नाही, फक्त ठोकाठोक. 'पॉझिटिव्ह फोर्स' नावाचा गट त्याच वर्षी उभा राहिला आणि बेघरांसाठी, सामाजिक संस्थांसाठी निधी जमवणारे कार्यक्रम करू लागला. 'बीफईटर', 'ग्रे मॅटर', 'लंचमीट' असे नवे बँड निघाले. 'मिशन इम्पॉसिबल' नावाच्या पोरसवदा बँडमध्ये डेव्ह ग्रोल ड्रम वाजवत होता. पुढे 'निर्वाणा' या बँडमुळे गाजलेला ग्रोल तो हाच. नवे बँड वेगाची शर्यत सोडून जरा सुरात गाऊ लागले आणि प्रेक्षकांतल्या हाणामारीला मंचावरून उघड विरोध करू लागले. गंमत अशी की त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, त्याच शहरात, अमेरिकी सिनेटच्या समितीसमोर रॉक गाण्यांमुळे तरुण पिढी बिघडते का यावर सुनावणी झाली. फ्रँक झप्पापासून जॉन डेन्व्हरपर्यंतच्या गायकांना साक्षीला बोलावलं. तिथून काही मैलांच्या अंतरात दारू न पिणारी, निधी जमवणारी, स्वतःच्या तबकड्यांची वेष्टनं स्वतः चिकटवणारी पंक पोरं होती. त्यांना कुणी बोलावलं नाही.

या सगळ्याला खरी दिशा दिली ती 'राइट्स ऑफ स्प्रिंग'ने. हा बँड 1984 मध्ये निघाला. गायक गी पिचिओटो आणि ड्रमवर ब्रेंडन कँटी. पिचिओटो गाताना आवाज फाटेपर्यंत गायचा, पण रोख समाजावर नसे. हरवलेलं, निसटलेलं, आतलं काहीतरी असे. फेब्रुवारी 1985 मध्ये त्यांची गाणी ध्वनिमुद्रित झाली तेव्हा निर्मितीची बाजू मकायने सांभाळली. दुसऱ्याच्या बँडला काचेमागून ऐकताना त्याच्या मनात काय चाललं असेल ते आपण ताडू शकतो. त्याच वर्षी तो स्वतः पुन्हा माइकसमोर आला.

एम्ब्रेसमधले बाकीचे तिघे म्हणजे गिटारवर मायकेल हॅम्प्टन, बासवर क्रिस बॉल्ड आणि ड्रमवर आपला अॅडमिरलपुत्र हॅन्सन. हे तिघे आधी 'फेथ' नावाच्या बँडमध्ये होते, आणि फेथचा गायक होता अॅलेक मकाय, म्हणजे इयनचा धाकटा भाऊ. धाकट्या भावाच्या मोडलेल्या बँडात थोरला येऊन उभा राहिला, असं हे प्रकरण. फेथची गाणी डिस्कॉर्डनेच काढलेली, आणि त्यांच्या 1983 च्या शेवटच्या ध्वनिमुद्रिकेतच वेग थोडा उतरून सूर डोकावू लागले होते. एम्ब्रेसचं संगीत तिथूनच पुढे सुरू होतं. ही जुनी ओळख फायद्याची ठरली, कारण तिघांचे हात एकमेकांना सरावलेले होते. तोट्याचीही ठरली, कारण फेथमध्ये जी भांडणं होती ती सामानासोबत आपोआप इकडे आली.

गाणी ध्वनिमुद्रित झाली नोव्हेंबर 1985 आणि फेब्रुवारी 1986 मध्ये, 'इनर इअर'मध्ये. नाव स्टुडिओ, पण प्रत्यक्षात पोटोमॅक नदीपलीकडच्या आर्लिंग्टनमध्ये डॉन झिएन्तारा यांच्या राहत्या घराचं ते तळघर. वॉशिंग्टनच्या पंकचा बहुतेक सगळा इतिहास या तळघरात टेपवर उतरला.

आता गाण्यांकडे. पहिलाच फरक कानाला जाणवतो तो श्वासाचा. मायनर थ्रेट ऐकताना आपल्याला दम लागतो. इथे गाणं दोन-अडीच मिनिटं चालतं, ड्रम धावण्याऐवजी चालू लागतात आणि मधे जागा राहते. ती जागा हॅम्प्टनची गिटार भरते. तो एकाच दणक्यात सगळ्या तारा छेडत नाही, सुट्या सुरांची माळ ओवतो, मग एकदम दाट होतो. या मुद्रिकेतलं सगळ्यात चांगलं वादन त्याचं आहे, यात मला शंका नाही. बॉल्डचा बास कधी कधी गिटारच्या पुढे जाऊन चाल सांगतो.

आणि मकाय? तो गाण्याचा प्रयत्न करतो. 'प्रयत्न' हा शब्द मुद्दाम वापरला. त्याचा गळा घोषणेचा गळा. चार ओळी फेकायच्या आणि गर्दीने झेलायच्या, ही त्याची सवय. इथे त्याला सूर धरून ठेवायचाय, आणि तो सगळीकडे धरला जात नाही. 'बिल्डिंग' या गाण्यात तो आपल्याला हवं ते साधता येत नाही, आपण कमी पडलो, अशी कबुली देतो. ज्या आवाजाने देशभरातल्या पोरांना खडसावलं होतं तोच आवाज ही कबुली देतो, तेव्हा ऐकणाऱ्याला चुळबुळ होते. आपल्याला त्या आवाजाकडून आदेशाची सवय झालेली असते. मकायला हीच सवय मोडायची होती, असं मला वाटतं.

'नो मोअर पेन'मध्ये तो आणखी एक अवघड गोष्ट करतो. आपल्याच मित्रमंडळींत दुःखाचा जो नवा शौक रुजू पाहत होता त्याला तो नकार देतो. वेदना झाली, कळली, आता उठून काहीतरी करा, असा त्याचा रोख. 'डू नॉट कन्सिडर युअरसेल्फ फ्री' तर शीर्षकातच सगळं सांगतं. दक्षिण आफ्रिकेच्या वकिलातीसमोरचा तो ड्रम मागे ठेवून ते ऐकावं. 'मनी' पैशाबद्दल आहे आणि त्यात फारशी गुंतागुंत नाही. मला ते या संचातलं सगळ्यात सपाट गाणं वाटतं. जिथे मकाय शत्रूला बाहेर शोधतो तिथे तो पुन्हा मायनर थ्रेटचा होतो, फक्त कमी वेगाचा. आणि वेग काढून घेतला की त्या जातीच्या गाण्यात फार काही उरत नाही. 'डान्स ऑफ डेज' मात्र चाल, शब्द आणि आवाज अशा तिन्ही अंगांनी जमून आलेलं गाणं. वॉशिंग्टनच्या पंकचा सविस्तर इतिहास मार्क अँडरसन आणि मार्क जेनकिन्स यांनी 2001 मध्ये लिहिला, तेव्हा ग्रंथाला याच गाण्याचं नाव दिलं. शेवटचं गाणं 'लास्ट साँग'. नावाला जागून ते खरोखरच शेवटी आहे.

एक ध्वनिमुद्रिका म्हणून तोलायचं तर राइट्स ऑफ स्प्रिंगची 1985 मधली मुद्रिका एम्ब्रेसपेक्षा सरस आहे. तिच्यात धुंदी आहे, एम्ब्रेसमध्ये विचार जास्त आहे, आणि तो ऐकू येतो. पिचिओटो स्वतःला विसरून गातो. मकाय स्वतःला तपासत गातो. तपासणी ही गाण्याला फार मानवणारी गोष्ट नव्हे. तरीही मी या मुद्रिकेकडे पुन्हा पुन्हा जातो, ते त्या अवघडलेपणासाठीच. प्रसिद्धी मिळालेला माणूस आपलीच भाषा टाकून देऊन नव्याने बोलायला शिकतोय, आणि शिकताना अडखळलेलं आपल्याला ऐकू देतोय, असं फार वेळा घडत नाही. बहुतेक जण अडखळणं पुसून मगच तबकडी काढतात.

इथे एका शब्दाचा निकाल लावायला हवा, कारण नेटवर एम्ब्रेस शोधणाऱ्याला सगळ्यात आधी तोच भेटतो. 1986 च्या सुमारास एका स्केटबोर्डिंग मासिकाने या बँडांच्या संगीताला 'इमोकोअर' म्हटलं. मकायने त्याच दिवसांत मंचावरूनच त्या नावाची यथेच्छ टर उडवली. त्याचं म्हणणं, भावना नाहीत असं पंक कुठे होतं? पण नाव चिकटलं, पुढे आखूड होऊन 'इमो' झालं, आणि वीस वर्षांनी डोळ्यांवर केस ओढून उदास गाणाऱ्या, मोठ्या कंपन्यांनी बाजारात आणलेल्या बँडांपर्यंत पोचलं. आपल्याकडच्या कॉलेजांत जरा हळव्या पोराला 'इमो' म्हणतात तो शब्दही त्याच वाटेने आलेला. या सगळ्याचा आणि एम्ब्रेसचा संबंध जोडणारे लेख ढिगाने आहेत. संबंध आहेच, पण तो खापरपणजोबा आणि न पाहिलेल्या खापरपणतूचा. ज्या माणसाने 'नो मोअर पेन' लिहिलं त्याच्यावर उदासीच्या घराण्याचं पालकत्व लादणं हा अन्यायच.

बँड का मोडला? यामागे काही भव्य कारण असावं अशी आपली इच्छा असते. तसं काही नव्हतं. चौघांचं पटेना. ज्या तक्रारींनी फेथ मोडला होता त्या नव्या नावाखाली पुन्हा वर आल्या, आणि भावनेबद्दल मोकळेपणाने बोलायचं ठरवलेल्या बँडलाही आपापसात बोलणं जमलं नाही. 1986 च्या सुरुवातीला राइट्स ऑफ स्प्रिंगही मोडला. रेव्होल्यूशन समरचे दोन्ही खांब पुढचा उन्हाळा यायच्या आतच पडले.

मंडळी पांगली. हॅम्प्टनने पिचिओटो, कँटी यांच्याबरोबर 'वन लास्ट विश' हा बँड काढला. तोही लगेच संपला. बॉल्ड अॅलेक मकायबरोबर 'इग्निशन' या बँडमध्ये गेला, म्हणजे पुन्हा धाकट्या भावाकडे. हॅन्सनने पुढे न्यूयॉर्कमध्ये इमारतींच्या काचा पुसण्याचं काम केलं आणि त्या अनुभवावर एक पुस्तकही लिहिलं. मकायने त्याच वर्षी लंडनमध्ये जेफ नेल्सनबरोबर 'एग हंट' या नावाने दोन गाणी केली आणि मग घाई न करता पुढच्या बँडची माणसं शोधली. या वेळी त्याने जुन्या मित्रांचा तयार संच घेतला नाही. बासवर जो लॅली, ड्रमवर कँटी, आणि थोड्या काळाने पिचिओटो. 3 सप्टेंबर 1987 रोजी वॉशिंग्टनच्या विल्सन सेंटरमध्ये 'फ्युगाझी'चा पहिला कार्यक्रम झाला. पुढची पंधरा वर्षं हा बँड जगभर फिरला. तिकीट शक्यतो पाच डॉलर, कुठल्याही वयाच्या माणसाला प्रवेश, टी-शर्टांची विक्री नाही, आणि प्रेक्षकांत कुणी दांडगाई केली तर गाणं थांबवून त्याला तिकिटाचे पैसे परत करून बाहेर काढायचं. यातली तत्त्वं मायनर थ्रेटपासूनचीच. बदलला तो सूर. फ्युगाझीत मकाय सुरात गात नाही आणि नुसता ओरडतही नाही. तो बोलतो, थांबतो, वाद्यांना पुढे जाऊ देतो, मग एखादाच शब्द टाकतो. गळ्याची मर्यादा ओळखून तिचंच हत्यार करणं तो एम्ब्रेसमध्ये, चुका करत, शिकला. मायनर थ्रेटपासून फ्युगाझीपर्यंत थेट उडी मारून इतिहास सांगणारे बरेच आहेत. त्यांना तो बदल जादूसारखा वाटतो. मधली चौदा गाणी ऐकली की जादू वगैरे काही राहत नाही, मेहनत दिसते.

वाचकाला ऐकण्यापूर्वी दोन-तीन गोष्टी सुचवतो. आधी मायनर थ्रेटची 1981 ची आठ गाणी ऐका. दहा मिनिटांचंच काम आहे. मग लगेच एम्ब्रेस लावा, आणि मधे राइट्स ऑफ स्प्रिंग लावायचा मोह आवरा, नाहीतर मकायचा आवाज तुम्हाला उगाच ओबडधोबड वाटेल. पहिल्या फेरीत फक्त हॅम्प्टनची गिटार ऐकली तरी चालेल. दुसऱ्या फेरीत गाण्याचे शब्द समोर ठेवा आणि प्रत्येक गाण्यात तो कुणाला उद्देशून बोलतोय ते पाहा. पुष्कळ ठिकाणी आरशासमोर उभं राहून बोलल्यासारखं वाटेल. 'मनी' जमलं नाही तर सोडून द्या, मलाही जमलेलं नाही. 'बिल्डिंग' आणि 'डान्स ऑफ डेज' मात्र सोडू नका. ही मुद्रिका डिस्कॉर्डकडे अजून विकत मिळते.